किमोच्या औषधांची नावं : काउंटरवर वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मिरजेत कॅन्सरच्या औषधांच्या काउंटरला उभं राहून मला सोळा वर्षं झाली. डॉ. वानलेस यांनी 1894 साली इथं दवाखाना काढला तेव्हापासून हे पेशंटचं गाव. सकाळच्या गाडीनं आणि एस.टी.नं जत, आटपाडी, तासगाव, कराड, पाटण, शिवाय पलीकडच्या अथणी-चिक्कोडीची माणसं उतरतात. हातात प्लॅस्टिकची पिशवी, पिशवीत फाइल. काउंटरवर येईपर्यंत डॉक्टरांनी सांगितलेलं अर्धं विसरलेलं असतं आणि औषधाचं नाव तर कुणाच्याच तोंडात बसत नाही. "ते मॅब का काय ते द्या." "लाल सलाईन आलीया का?" "तात्यांची ती पिवळी गोळी." रोज तेच प्रश्न येतात म्हणून एकदाची उत्तरं लिहून काढली. डोस किती, कधी, चालू ठेवायचा की थांबवायचा हे तुमच्या डॉक्टरांनीच सांगायचं. इथं फक्त नावांचं बघू.

स्ट्रिपवर दोन-दोन नावं असतात. त्यातलं खरं कुठलं?

जे सगळ्या कंपन्यांच्या पाकिटावर सारखं असतं ते. त्याला मूळ नाव किंवा जेनेरिक नाव म्हणतात. दुसरं ब्रँडचं, ते कंपनीगणिक बदलतं. रेशनकार्डावर ज्ञानदेव असलेला माणूस घरी नाना, तालमीत वस्ताद आणि सोसायटीत चेअरमन असतो, तसंच हे. माणूस एकच, पण ओळख पटवायची वेळ आली की रेशनकार्ड काढावं लागतं.

इमॅटिनिबचं उदाहरण घ्या. क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमिया या रक्ताच्या कॅन्सरवरची ही गोळी 2001 साली अमेरिकेत बाजारात आली. मूळ कंपनी नोव्हार्टिस, ब्रँड ग्लिव्हेक. या औषधाच्या एका स्फटिकरूपाचं पेटंट कंपनीला भारतात हवं होतं, ते सर्वोच्च न्यायालयानं 1 एप्रिल 2013 रोजी नाकारलं. त्यामुळं आपल्याकडच्या कंपन्यांचं इमॅटिनिब निर्धास्तपणे चालू राहिलं, आणि म्हणूनच आज एकाच गोळीची इतकी ब्रँडनावं दिसतात. पैशाच्या दृष्टीनं फारच चांगलं झालं. घोळ झाला तो पिशवीत. जतकडच्या एका काकांच्या पिशवीत मला दोन वेगवेगळ्या नावांच्या स्ट्रिपा सापडल्या. एक इथली, एक पुण्याहून पोरानं आणलेली. "दोन्ही घेतोय की, सकाळी ही, संध्याकाळी ती." दोन्ही इमॅटिनिबच होत्या.

ही नावं ठेवतं कोण? एवढी अवघड का ठेवतात?

जागतिक आरोग्य संघटना. जगभर एका औषधाला एकच नाव असावं असं 1950 साली ठरलं आणि अशा नावांची पहिली यादी 1953 साली निघाली. कंपनी नाव सुचवते, तज्ज्ञांची समिती ते तपासते. आधीच्या कुठल्या नावासारखं ऐकू येतंय का, कुठं नको तो अर्थ निघतोय का, हे बघितलं जातं. स्पेलिंगचेही नियम आहेत: 'पीएच'च्या जागी 'एफ' लिहायचं, 'वाय'च्या जागी 'आय', आणि 'एच' व 'के' ही अक्षरं शक्यतो टाळायची. हेतू असा की इंग्रजी न येणाऱ्यालाही ते वाचता-लिहिता यावं. या नियमाचा आपल्या पाटणच्या पाव्हण्याला काही उपयोग झालेला मला दिसलेला नाही, ते सोडा.

नावाच्या शेवटी मॅब, निब असं काहीतरी असतं. त्याला अर्थ असतो का?

असतो, आणि सगळी गंमत तिथंच आहे. शेवटचा तुकडा म्हणजे औषधाचं आडनाव. पुढचा भाग बहुतेक वेळा नुसता बनवलेला, कानाला वेगळा वाटावा म्हणून. इमॅटिनिबमधल्या 'इमॅ'चा अर्थ शोधत बसू नका. 'टिनिब' मात्र बोलतं: पेशीला 'वाढ, वाढ' असा हुकूम देणारं टायरोसिन कायनेज नावाचं एन्झाइम अडवणारी गोळी. जेफिटिनिब, एर्लोटिनिब, ओसिमर्टिनिब, लॅपाटिनिब ही सगळी त्याच भावकीतली.

'सिक्लिब' असेल, म्हणजे पाल्बोसिक्लिब, रायबोसिक्लिब, तर पेशीचं विभाजन ज्या चक्रावर चालतं त्याला ब्रेक लावणारी गोळी. 'पॅरिब' म्हणजे डीएनएची दुरुस्ती करणारं एन्झाइम बंद पाडणारी, उदाहरणार्थ ओलॅपॅरिब. 'प्लॅटिन'मध्ये खरोखरच प्लॅटिनम धातू असतो, त्यात अलंकारिक काही नाही. अमेरिकेत बार्नेट रोझेनबर्ग नावाचे शास्त्रज्ञ 1965 च्या सुमारास जिवाणूंवर विजेचा काय परिणाम होतो ते बघत होते. जिवाणूंचं विभाजन थांबलं, पण ते विजेनं नव्हे, प्लॅटिनमच्या पट्टीतून सुटलेल्या संयुगानं. त्यातून सिसप्लॅटिन आलं. 'ट्रोझोल' हे लेट्रोझोल, अॅनास्ट्रोझोलचं आडनाव. शरीरात इस्ट्रोजेन तयार होणं कमी करणाऱ्या या गोळ्या स्तनाच्या कॅन्सरमध्ये देतात. बायका त्यालाही किमोच म्हणतात, पण ती हार्मोनची गोळी आहे. केस जाण्याच्या भीतीनं ती टाळू नका.

आणि 'सेट्रॉन' किंवा 'ग्रास्टिम' दिसलं तर ते कॅन्सरवरचं औषधच नाही. ऑनडॅनसेट्रॉन उलटीसाठी, फिलग्रास्टिम पांढऱ्या पेशी वाढवायला.

म्हणजे आडनाव सारखं असेल तर एकाच्या जागी दुसरं चालतं?

अजिबात नाही. सांगलीच्या मार्केट यार्डात उभं राहून "ओ पाटील!" अशी हाक मारा, अर्धा बाजार मागं वळून बघेल. हळदीचे पैसे मात्र तुम्हाला एकाच पाटलाकडून यायचे असतात. जेफिटिनिब फुप्फुसाच्या एका प्रकारच्या कॅन्सरमध्ये, इमॅटिनिब रक्ताच्या. सिसप्लॅटिन आणि कार्बोप्लॅटिन सख्खे भाऊ, पण डोस काढायची पद्धतच वेगळी आणि आकडे तर फारच वेगळे. कार्बोप्लॅटिनच्या आकड्यानं सिसप्लॅटिन गेलं तर पेशंटच्या जिवावर बेतेल.

म्हणून इंग्रजी लेबलवर काही ठिकाणी नावातली मोजकीच अक्षरं कॅपिटलमध्ये छापलेली दिसतात. विनक्रिस्टिनमधलं 'क्रिस', विनब्लास्टिनमधलं 'ब्लास', पॅक्लिटॅक्सेलमधलं 'पॅक्ल', डोसिटॅक्सेलमधलं 'डोसी'. छपाईची चूक वाटते, पण नजर फरकावर अडावी म्हणून ते मुद्दाम केलेलं असतं. आपल्या लिपीत कॅपिटल नाही, त्यामुळं मराठीत लिहिलं की हा आधार जातो.

मग औषधाचं नाव मराठीत लिहून आणलं तर चालेल का?

आठवणीसाठी लिहा, मागायला आणू नका. ही अधिकृत नावं इंग्रजी, फ्रेंच, स्पॅनिश, रशियन, अरबी, चिनी आणि लॅटिन भाषांत ठरतात. भारतीय भाषा त्यात एकही नाही. त्यामुळं देवनागरीत कसं लिहायचं याला नियमच नाही. कॅपेसिटाबिन या एका गोळीची कॅपसीटाबीन, केपसायटाबिन, कपिसताबिन अशी रूपं मी चिठ्ठ्यांवर वाचलेली आहेत. एकदा तर "कपी सीता बिन" असं तीन शब्दांत आलं होतं. लिहिणारे आजोबा भजनी मंडळातले असणार. ते ओळखता आलं, पण प्रत्येक वेळी येईलच असं नाही आणि इथं अंदाजानं काही देता येत नाही. रिकामी स्ट्रिप आणा किंवा फाइलचा मोबाइलवर फोटो आणा. फोनवर नुसतं नाव सांगून कुणी किमोची गोळी पार्सलनं मागितली तर मी देत नाही, मग शिव्या खाव्या लागल्या तरी चालतील.

ट्रास्टुझुमॅब. हे नाव फोडून सांगाल का?

स्तनाच्या कॅन्सरच्या बायका याला "त्रासाचं इंजेक्शन" म्हणतात. नावातच त्रास आहे, असा विनोद मी महिन्यातून दोनदा तरी ऐकतो. मराठी त्रासाशी त्याचा काही संबंध नाही.

ट्रास-टु-झु-मॅब असं तोडा. 'मॅब' म्हणजे मोनोक्लोनल अँटिबॉडी, एकाच लक्ष्यावर बसणारं, प्रयोगशाळेत बनवलेलं प्रथिन. 'टु' म्हणजे ट्यूमर. 'झु' म्हणजे मूळ उंदराच्या अँटिबॉडीचं बहुतांश मानवी रूपांतर केलेलं. उरलेलं 'ट्रास' नुसतं नाव. तीच रीत रिटुक्सिमॅबची: री-टु-क्सि-मॅब, यातलं 'क्सि' म्हणजे काही भाग उंदराचा, काही माणसाचा. निव्होलुमॅबमध्ये 'झु' नाही, 'क्सि' नाही, नुसता 'उ', म्हणजे पूर्ण मानवी. ज्या पेशींच्या पृष्ठभागावर हर-टू नावाचं प्रथिन जास्त असतं त्यांनाच ट्रास्टुझुमॅब धरतं, म्हणून आधी बायोप्सीच्या तुकड्यावर हर-टूची तपासणी करावी लागते. हर्सेप्टिन हे त्याचं पहिलं ब्रँडनाव, अमेरिकेत 1998 साली आलेलं, तेही हर-टूवरूनच.

पुढं अशी औषधं इतकी झाली की नावं एकमेकांवर आदळायला लागली. 2017 पासून नव्या नावांत 'झु', 'क्सि' हे तुकडे घालणं बंद झालं आणि 2021 मध्ये खुद्द 'मॅब'चीच वाटणी करून टग, बार्ट, मिग, मेंट अशी चार नवी आडनावं ठरली. जुनी नावं तशीच राहिली. म्हणजे पुढच्या काही वर्षांत काउंटरवर "ते बार्ट द्या" ऐकायची तयारी मी ठेवली आहे.

आमच्या फाइलमध्ये ट्रास्टुझुमॅबच्या पुढं आणखी एक शब्द आहे. तो लिहायचा राहिला तर?

तो शब्द सोडला तर औषधच बदलतं. नुसतं ट्रास्टुझुमॅब एक, ट्रास्टुझुमॅब एमटान्सिन दुसरं, ट्रास्टुझुमॅब डेरुक्सटेकन तिसरं. पुढच्या दोघांत अँटिबॉडीच्या पाठीवर किमोचं जालीम औषध बांधलेलं असतं. अँटिबॉडी पत्ता शोधते आणि औषध तिथं उतरतं. तिन्हींचे डोस वेगळे, किमती तर विचारू नका. जुलै 2024 च्या केंद्रीय अर्थसंकल्पात ज्या तीन कॅन्सर औषधांवरची कस्टम ड्युटी माफ झाली त्यात डेरुक्सटेकनवालं होतं, ओसिमर्टिनिब आणि डुर्व्हालुमॅबच्या जोडीला. दुसऱ्या दिवशी निम्म्या लोकांनी विचारलं, "ट्रास्टुझुमॅब स्वस्त झालं म्हणं?" पेपरात दुसरा शब्द पुढच्या ओळीत गेला होता.

असंच 'लायपोसोमल' आणि 'नॅब' या शब्दांचं. लायपोसोमल, म्हणजे चरबीच्या सूक्ष्म आवरणात भरलेलं, डॉक्सोरुबिसिन आणि साधं डॉक्सोरुबिसिन एकमेकांच्या जागी चालत नाहीत. 'नॅब' पॅक्लिटॅक्सेल म्हणजे अल्ब्युमिन या प्रथिनाला बांधलेलं पॅक्लिटॅक्सेल, तेही साध्याच्या जागी डॉक्टरांना न विचारता नाही.

फाइलवर एसी, चॉप, फॉलफॉक्स असं लिहिलंय. ही औषधं आहेत का?

या जोड्या आहेत, आणि आद्याक्षरं लावताना त्या काळच्या डॉक्टरांनी मूळ नाव, ब्रँड, जुनं नाव काय हाताला लागेल ते वापरलंय. एसीमधला 'ए' म्हणजे अॅड्रियामायसिन, डॉक्सोरुबिसिनचं जुनं नाव. 'सी' म्हणजे सायक्लोफॉस्फामाइड. चॉपमधला 'एच' तोच डॉक्सोरुबिसिन, पण हायड्रॉक्सिडॉनोरुबिसिन या रासायनिक नावावरून, 'ओ' म्हणजे ऑन्कोव्हिन, विनक्रिस्टिनचा जुना ब्रँड, 'पी' प्रेडनिसोलोन. पुढं 'आर' आला की रिटुक्सिमॅब जोडलं. त्यामुळं एका औषधाला एसीत 'ए' आणि चॉपमध्ये 'एच' म्हणतात. हा गोंधळ तुमचा नाही, शास्त्राचा आहे. फॉलफॉक्स त्यातल्या त्यात प्रामाणिक: फोलिनिक अॅसिड, फ्लुरोयुरॅसिल, ऑक्सालिप्लॅटिन.

फाइव्ह-एफयू म्हणजे हेच फ्लुरोयुरॅसिल. त्यातला 'फाइव्ह' म्हणजे पाच डोस नव्हेत, पाच दिवसही नव्हेत. रेणूच्या कितव्या जागेवर फ्लुओरिनचा अणू बसवलाय त्याचा तो आकडा. सिक्स-एमपी, म्हणजे मर्कॅप्टोप्युरिन, यातल्या सहाचंही तसंच. सहा गोळ्या समजून घेऊ नका.

लाल सलाईन म्हणजे रक्त चढवतात का?

नाही. ते डॉक्सोरुबिसिन. रंग औषधाचाच. इटलीच्या दक्षिणेला एका मध्ययुगीन किल्ल्याजवळच्या मातीत 1950 च्या दशकात एक जिवाणू सापडला, तो लाल रंग सोडत होता. त्या भागात पूर्वी राहणाऱ्या डॉनी नावाच्या जमातीवरून 'डॉनो' आणि माणकाच्या फ्रेंच शब्दावरून 'रुबी', असं डॉनोरुबिसिन झालं. पुढं त्याच जिवाणूच्या बदललेल्या वाणातून जास्त कामाचं औषध निघालं. जवळच्या एड्रियाटिक समुद्रावरून त्याला आधी अॅड्रियामायसिन म्हणत, नंतर डॉक्सोरुबिसिन नाव पक्कं झालं. 'रुबिसिन' आडनावाची बाकीची औषधं, एपिरुबिसिन वगैरे, तीही अशीच लालसर. सलाईननंतर एक-दोन दिवस लघवी लालसर होते, तेही रक्त नव्हे. एवढं आधी सांगितलं नाही तर रात्री दोनला फोन येतो.

सदाफुलीपासून कॅन्सरचं औषध करतात म्हणे. दारातल्या सदाफुलीची पानं खाल्ली तर?

पहिलं खरं, दुसरं नको. विनक्रिस्टिन आणि विनब्लास्टिन दोन्ही सदाफुलीतलीच. वनस्पतीचं जुनं शास्त्रीय नाव विंका रोझिया, त्यातला 'विन' नावाला चिकटला. आता झाडाचं शास्त्रीय नाव बदललं, औषधाचं राहिलं. कॅनडात नोबल आणि बीअर हे संशोधक 1950 च्या दशकात मधुमेहावर सदाफुली तपासत होते. साखर काही उतरेना, पण उंदरांच्या पांढऱ्या पेशी उतरल्या. तिथून रक्ताच्या कॅन्सरचा विचार सुरू झाला, आणि विनक्रिस्टिनला अमेरिकेत 1963 साली परवानगी मिळाली.

आता पानांचं. शेकडो किलो वाळक्या पानांतून जेमतेम ग्रॅमभर विनक्रिस्टिन निघतं, आणि माणसाला एका वेळी लागतं ते दोन मिलिग्रॅमच्या आत-बाहेर, थेट शिरेतून. घरी चावलेल्या पाच पानांत औषध किती आणि बाकीची विषं किती हे कुणालाच मोजता येणार नाही. सांगलीच्या विश्रामबागेत सकाळी फिरायला येणारे बरेचजण साखरेसाठी सदाफुलीची फुलं खातात, मला माहीत आहे. किमो चालू असताना तरी थांबवा आणि डॉक्टरांना सांगून टाका.

विनक्रिस्टिन फक्त शिरेतून. पाठीच्या मणक्यातून देण्याच्या इंजेक्शनांत ते चुकून मिसळलं तर पेशंट बहुधा वाचत नाही. म्हणून वॉर्डात सिस्टर नाव दोनदा मोठ्यानं वाचतात. त्यांना घाई करू नका.

आणि नरक्या? पाटणकडं त्याच्या चोऱ्या होतात असं ऐकतो.

हा प्रश्न कोयनेकडच्या लोकांचा. महाबळेश्वरपासून कोयना-चांदोलीपर्यंत सह्याद्रीत हे झाड आहे. वास घाण म्हणून नाव नरक्या. जुन्या शास्त्रीय नावातही 'फेटिडा', म्हणजे दुर्गंधी, हा शब्द होता. याच्या सालीत-लाकडात कॅम्प्टोथेसिन असतं. ते आधी 1966 साली अमेरिकेत मन्रो वॉल आणि मनसुख वाणी यांनी एका चिनी झाडातून वेगळं केलं. त्यातलं 'टेकन' पुढच्या पिढीचं आडनाव झालं: इरिनोटेकन, टोपोटेकन. वर ज्या डेरुक्सटेकनचं सांगितलं त्याच्या शेवटीही तेच टेकन आहे. अँटिबॉडीच्या पाठीवर बांधलेलं जालीम औषध ते हेच, याच घराण्यातलं.

लाकडाला पैसा मिळतो म्हणून झाडं मुळासकट नेतात, आणि जंगलातून ते तोडून आणणं गुन्हा आहे. घरी उगाळून पिण्यासारखं तर ते नाहीच.

मनसुख वाणी म्हणजे आपल्याकडचे?

हो, नंदुरबारचे. 1925 चा जन्म, मुंबई विद्यापीठात शिकले, मग अमेरिकेत गेले. पॅसिफिक यू नावाच्या झाडाच्या सालीतलं टॅक्सॉलही याच जोडीनं काढलं. रचना 1971 साली प्रसिद्ध झाली. झाडाचं नाव टॅक्सस म्हणून 'टॅक्स'. पुढं 'टॅक्सॉल' हे नाव एका कंपनीचा ट्रेडमार्क झालं आणि औषधाचं मूळ नाव बदलून पॅक्लिटॅक्सेल करावं लागलं. संशोधकानं ठेवलेलं नाव दुकानाच्या पाटीवर गेलं, हे मला अजून पटत नाही. जुने डॉक्टर बोलताना टॅक्सॉलच म्हणतात.

आईला सांधेदुखीसाठी दिलेल्या गोळीवर नेटवर 'कॅन्सरचं औषध' येतंय. कॅन्सर लपवलाय का?

बहुधा मेथोट्रेक्सेट असेल. घाबरू नका. आमवातात आणि सोरायसिसमध्ये ते कमी डोसात सर्रास देतात. औषध जुनं, 1940 च्या दशकातलं. आंध्रातल्या भीमावरमचे येल्लाप्रगडा सुब्बाराव अमेरिकेत लेडर्ली कंपनीच्या प्रयोगशाळेचे प्रमुख होते, त्यांच्या हाताखाली हे घराणं जन्मलं. त्यातलंच अॅमिनोप्टेरिन वापरून सिडनी फार्बर यांनी 1948 साली लहान मुलांच्या रक्ताच्या कॅन्सरमध्ये पहिल्यांदा सुधारणा दाखवली.

भीती नावाची नको, वाराची हवी. सांधेदुखीत ही गोळी आठवड्यातून एकदाच असते. कवठेमहांकाळच्या एक मावशी तोंडभर फोड घेऊन आल्या होत्या, पाणीसुद्धा गिळता येत नव्हतं. स्ट्रिप बघितली, अकरा गोळ्या संपलेल्या. मी विचारलं, कधी घेता?

"डॉक्टर म्हणले बुधवारी घ्या. मग बुधवारपासनं घेतीया की."

बुधवारी आणि बुधवारपासनं. एवढ्या एका प्रत्ययानं रक्ताच्या पेशी तळाला गेल्या होत्या. तशाच त्यांना वर दवाखान्यात पाठवलं, भरती करून उतारा दिला, वाचल्या. तेव्हापासून मी पाकिटावर मार्करनं 'फक्त बुधवार' असं लिहितो आणि कॅलेंडरवर खुणा करून घ्यायला लावतो. उताऱ्याचं नाव फोलिनिक अॅसिड, ल्युकोव्होरिन म्हणूनही ओळखतात. ते आणि रोजच्या पाहण्यातलं फोलिक अॅसिड वेगळं, हेही लक्षात असू द्या.

सुनेला मूल होण्यासाठी लेट्रोझोल दिलंय. चूक झालीय का?

नाही. बीजांड तयार होण्यासाठी ते देतात. 2011 साली भारतात या वापरावर बंदी आली होती, 2017 साली उठली. सासूबाईंना हे समजावून सांगायला मी एकदा अर्धा तास घालवला आहे.

गोळीच्या कागदावर 'ग्रेप' खाऊ नका असं लिहिलंय. आमचा तर द्राक्षाचा मळा आहे.

खा. तासगावच्या एका बागायतदारांनी हा कागद पोराकडून वाचून घेतला आणि ऐन हंगामात द्राक्ष, बेदाणा, सगळं बंद केलं होतं. घरचा बेदाणा सोडून माणूस सहा महिने राहिला! कागदावर होतं 'ग्रेपफ्रूट'. ते द्राक्ष नव्हे, मोसंबी-पपनसाच्या जातीचं आंबट-कडू फळ. त्यातल्या घटकांमुळं आतड्यात औषध मोडणं मंदावतं आणि रक्तात औषध जास्त साठतं. बऱ्याच टिनिब आणि सिक्लिब गोळ्यांबरोबर म्हणून मनाई असते. पपनसही तेवढ्यापुरतं टाळा.

हळदीचं विचारलं नाही तर सांगलीकर कसले. भाजीतली हळद चालू द्या. हळदीच्या अर्काच्या कॅप्सूल मात्र डॉक्टरांना दाखवल्याशिवाय नकोत.

मागच्या वेळी वेगळा ब्रँड होता. हा चालेल का? स्वस्त म्हणजे हलका का?

मूळ नाव तेच, मिलिग्रॅम तेच असेल तर साध्या रसायनाच्या गोळीला चालतो. तरी फाइलवर नोंद करून घ्या. मॅब-वाल्या औषधांचं थोडं वेगळं. ती जिवंत पेशींत बनतात, दुसऱ्या कंपनीचं रूप हुबेहूब नसतं, त्याला बायोसिमिलर म्हणतात. तपासून मंजूर झालेली असतात, उपयोगाचीही आहेत, पण मध्येच बदलायचं तर डॉक्टरांच्या कानावर घालून.

किंमत आणि दर्जा यांचं गणित सरळ नाही. फेब्रुवारी 2019 मध्ये सरकारनं 42 कॅन्सर औषधांवरचा व्यापारी नफा 30 टक्क्यांवर आणला तेव्हा काही ब्रँडची छापील किंमत एका रात्रीत निम्म्याहून खाली आली. आतलं औषध तेच होतं. भाव विचारताना मूळ नाव सांगून विचारा. महात्मा फुले योजनेच्या कागदातही ब्रँड शोधत बसू नका.

अण्णांना कॅन्सर आहे हे सांगितलेलं नाही. पाकिटावरचं नाव खोडून द्याल का?

आठवड्यातून एकदा तरी मुलगा किंवा जावई काउंटरवर वाकून, आवाज खाली करून हे विचारतो. "ताकदीची सलाईन आहे म्हणून सांगितलंय." घराघराची रीत असते, मी त्यात पडत नाही. पण नाव खोडून देत नाही.

काही वर्षांपूर्वी एका घरानं ते स्वतःच केलं. सलाईनची लेबलं नखानं खरवडली, गोळ्या बिननावाच्या डबीत भरल्या, फाइल शेजारच्यांच्या कपाटात. दहाव्या दिवशी म्हाताऱ्याला रात्री ताप भरला, एकशे एकच्या वर. किमोनंतर पांढऱ्या पेशी तळाला असतात तेव्हा साडेशंभरचा तापही थांबून बघण्यासारखा नसतो. गावाजवळच्या दवाखान्यातल्या डॉक्टरांनी विचारलं, काय चालू आहे? बायको म्हणाली ताकदीची सलाईन. मुलगा मुंबईत. डॉक्टर साधा ताप समजून गोळी देऊन पाठवणार, तेवढ्यात सुनेला माझ्या दुकानाची पावती आठवली. पावतीवर नंबर होता. रात्री साडेअकराला मी बिलबुक काढून फोनवर एक एक अक्षर सांगितलं: डी, ओ, सी, ई. डोसिटॅक्सेल. पलीकडं एकदम धावपळ ऐकू आली.

अण्णांपासून लपवायचं की नाही ते तुम्ही ठरवा. घरातल्या दुसऱ्या एका माणसाला, जो रात्री घरात असतो, त्याला नाव माहीत पाहिजे.

नाव काही केल्या पाठ होत नाही. निदान काय जपून ठेवू?

बिल टाकू नका. त्यावर मूळ नाव किंवा ब्रँड, बॅच नंबर, तारीख सगळं असतं. फाइलच्या पहिल्या पानाचा फोटो घरातल्या दोघांच्या मोबाइलमध्ये ठेवा. दातांच्या डॉक्टरकडं गेलात तरी तो दाखवा, हाडांसाठी झोलेड्रॉनिक अॅसिड घेत असाल तर नक्कीच.

आणि गोळ्या काढताना स्ट्रिप ज्या टोकाला नाव आणि मुदत छापली आहे त्या बाजूनं कापू नका. दुसऱ्या टोकापासून सुरू करा, म्हणजे शेवटची गोळी संपेपर्यंत नाव हातात राहतं.